फेल

फोनवर एडिथ बर्केट एवढंच म्हणाली,
जॉस फेल, ऑन द फेल.
पहिला शब्द नोंदवहीत उतरला,
दुसऱ्यापाशी पेन अडलं.
त्या दरीत माझा सातवा दिवस होता.
माझ्या लेखी फेल म्हणजे गणितात एकोणीस गुण
आणि बाबांनी काही न बोलता केलेली सही.

डॉक्टरांनी खिडकीतून दाखवला:
तो बघ, फेल.
झाडं नसलेला, खांद्यात वाकलेला डोंगर,
त्याच्या पाठीवर दगडी बांध चढत जातो
आणि धुक्यात शिरल्यावर
कुठे निघालो होतो ते विसरतो.

जॉसचा खुबा मोडला होता.
पडला कसा, विचारलं
तर एडिथ म्हणाली, पडायला तो काय पोर आहे?
पाडलं त्याला. डोंगरानं.
हे सगळं तिनं त्याच एका शब्दात बसवलं.
आमच्याकडे पडणं आणि पाडणं
यांत निदान एक काना असतो,
हात टेकायला.

मग दर मंगळवारी टाके बघायला जायचे मी.
एडिथ चुलीशी बसून परकराला टीप मारायची,
कच्ची कड आत दुमडून, वरून बारीक तुरपाई.
हेही फेल, ती सुईसकट हात वर करून म्हणायची,
दोरा दिसला तर ते काम माझं नव्हे.

समोरच्या उतारावर सरकारी स्प्रूस तोडत होते.
यंत्र एकेका झाडाला कमरेत धरायचं
आणि चहा ओतून होईपर्यंत ते आडवं.
जॉस पलंगावरून मोजायचा,
मेंढ्या मोजायच्या जुन्या आकड्यांत:
यान, ट्यान, टेथेरा, मेथेरा, पिंप.
वीस झाली की बशीतली एक गोळी
पलीकडे सरकवायचा.
(ती घ्यायची आहे हे त्याला
मी तीनदा सांगितलं.)

आणखी एक अर्थ आहे, म्हणाला एकदा.
निर्दय. आता वापरत नाही कोणी.
मार्चमध्ये मात्र गरज पडते.

गरज पडते, मी मराठीत पुटपुटले.
मग सांगावंच लागलं दोघांना
की माझ्या भाषेत गरज पडते, थंडी पडते,
उजेड पडतो, भाव पडतात, प्रश्न पडतात,
रात्री डोळे मिटले की स्वप्नंसुद्धा पडतात.
एडिथनं दोरा दातानं तोडला.
अगं, मग एवढं सगळं
उचलतं कोण?

एप्रिलात, कुबड्यांवर उभा राहून,
जॉस गोठ्याच्या दारातून सूचना देत होता.
एका मेंढीचं कोकरू मेलेलं,
दुसऱ्या एका कोकराची आई मेलेली.
एडिथनं मेलेल्याचं कातडं सोललं, मोज्यासारखं,
आणि त्या पोरक्याला चढवलं,
चार पाय चार भोकांतून.
मी तोंड फिरवलं. परत बघितलं.
मेंढीनं शेपटीपाशी हुंगलं. पुन्हा हुंगलं.
पाय आपटला.
बराच वेळ कोणीच काही बोललं नाही,
जॉससुद्धा.
मग तिनं मान वळवली
आणि ते खाली शिरलं, गुडघे टेकून, प्यायला.

कातडं, जॉस म्हणाला,
तेही फेल.
मला आता नवल वाटलं नाही.

दोन दिवसांनी कात्रीनं ते काढून टाकतात.
तोवर दूध पोटात गेलेलं असतं,
वास आतून यायला लागतो.
बहुतेकदा चालतं, एडिथ म्हणाली.
आणि नाही चाललं तर?
तिनं हात धुवायला घेतले.

बुधवारी सर्जरीत फोन वाजला.
वरच्या वाडीतून कोणीतरी ओरडत होतं,
वाऱ्यात अर्धे शब्द उडत होते.
कोण, मी विचारलं, कुठल्या फेलवर?
त्यांच्याच सुरात विचारलं, त्यांच्याच ओठांनी,
आणि पलीकडचा माणूस
क्षणभर गप्प झाला,
हुंगत असावा.
गळ्यापाशी ते अजून
थोडं सैलच बसत होतं.